टोकणारीचा वाडगा

झिरमा सरपणाचा भारा घेऊन डोंगरावरून खाली आली, तेव्हा चुलीपुढे तांब्याचा वाडगा होता. तळाशी सातूच्या पेजेचे दोन थेंब सुकत आले होते. वाडगा सुलटा होता. तिने भारा अंगणातच टाकला.

तिचा नवरा ओदान कोपऱ्यात लोकर पिंजत बसला होता. त्याने मान वर केली नाही. पिंजून झालेली लोकर तो पुन्हा पिंजत होता, यावरूनच तिला सगळं कळलं.

"कोण जेवून गेलं?"

"पाहुणे."

"पाहुण्यांना नाव असतं."

"तेच ते. समरातचे राजवाचक. इल्थाम." ओदान लोकरीशी बोलल्यासारखा बोलला. "दारात उभे राहिले, भूक लागलीय म्हणाले. आता दारातल्या माणसाला नाही कसं म्हणणार?"

"तोंड उघडून म्हणायचं. दोनच अक्षरं आहेत."

"अगं, घोटभर तर पेज प्यायला माणूस."

"घोटभर पेज नाही, अहो. अख्खी येलू नदी प्यायला तो तुमच्या हातून."

ओदानने पिंजण खाली ठेवलं. तो वाईट माणूस नव्हता. हुरमाडमध्ये कोणीच तसं वाईट नव्हतं, आणि झिरमाच्या मते गावाचं दुखणं तेच होतं.

हुरमाडात पाहुण्याला कोणी टोकत नाही. ज्या वाडग्यातून तो जेवला तो वाडगा सुलटा आहे, तोवर त्या घरातलं माणूस त्याचा शब्द खाली पाडू शकत नाही. पाहुणा गावाची शीव ओलांडून गेला की मग घरधनीण वाडगा पालथा घालते, विसळते आणि फळीवर ठेवते. पाहुणा गावात असताना वाडगा पालथा घालणं म्हणजे त्याला जिवंतपणी मेला म्हणणं. जी बाई असं करील तिच्या चुलीवरचं कोणी खायचं नाही, तिच्या चुलीचा विस्तव कोणी न्यायचा नाही. असं कोणी केल्याचं गावात कोणाला आठवत नव्हतं.

इल्थामला हे सगळं ठाऊक होतं. दोन शिपाई आणि एक खेचर घेऊन आलेला हा माणूस गावात आल्यापासून घराघरांत जात होता. कुठे पेज, कुठे ताक, कुठे नुसता भाकरीचा तुकडा. एकही उंबरा त्याने सोडला नव्हता. झिरमा मात्र गेले काही दिवस दाराला कडी घालूनच बाहेर पडत होती. आज कडी घातली नव्हती, कारण आत ओदान होता.

"त्यांनी किती गोड मागितलं," तो म्हणाला.

"गोडच मागणार. मागच्या वेळेचाही गोडच होता म्हणतात."

मागच्या वेळेचा वाचक झिरमाच्या पणजीच्या काळात येऊन गेला होता.

गावाच्या वर, जिथे येलू बर्फाखालून बाहेर पडते, त्या मुखाशी एका कपारीत एक पोथी आहे. ती कोणी लिहिली हे कोणालाच ठाऊक नाही. तिची पानं कुठल्यातरी प्रचंड माशाच्या कातड्याची आहेत, आणि तसा मासा आता कुठल्याच पाण्यात नाही. तिच्यातली शाई कधी वाळत नाही. हिवाळा सरला, बर्फ तडकायच्या बेताला आला, की ती बाहेर काढून नदीच्या मुखाशी पहिल्या पानापासून वाचतात. मग येलू जागी होते आणि खाली येते. पण त्या पोथीचा एक गुण आहे, भला म्हणा की बुरा. ती हातात धरून मुखाशी जे मोठ्याने वाचलं जाईल आणि ज्याला कोणी नाही म्हणणार नाही, ते ती आपल्या रिकाम्या पानावर उतरवून घेते. आणि एकदा उतरवलं की ते खरं होतं.

त्या जुन्या वाचकाने हातात पोथी धरून आपल्या पदरचं एक वाक्य वाचलं होतं. हुरमाडच्या माणसांच्या सावल्या समरातच्या महालाच्या. तो पाहुणा होता. माणसं एकमेकांकडे बघत राहिली आणि गप्प बसली. संध्याकाळी बकऱ्या परतल्या त्या सावल्या घेऊन, दगडांना सावल्या होत्या, झाडांना होत्या. माणसांना नव्हत्या. तेव्हापासून हुरमाडमध्ये जन्मलेल्या पोराला सावली नसते. आई उन्हात उभी राहिली तर तिच्या पोटाशी निजलेल्या लेकरावर ऊन तसंच पडतं.

त्यानंतर गावाला शहाणपण आलं आणि टोकणारीचं आसन मांडलं गेलं. वाचकासमोर एक बाई बसते, मांडीवर राखेचं मडकं घेऊन. वाचणारा मुद्दाम मधेच खोटं घुसवतो आणि ती ओरडून नाही म्हणते, वर मूठभर राख त्याच्या दाढीवर फेकते. जिभेला गंज चढू नये म्हणून हे दर वर्षी करायचं. हे आसन झिरमाला तिच्या आत्याकडून मिळालं होतं. आत्याने सगळ्या भाच्यांना डोंगराच्या दोन टोकांना उभं केलं होतं, आणि जिची हाक पलीकडच्या बकऱ्यांनी ऐकली तिला मडकं दिलं.

गावचा वाचक मेर्गनबाबा दर वर्षी तेच खोटं बोलायचा. "आणि हुरमाडच्या सगळ्या बकऱ्या मेर्गनच्या झाल्या!"

"नाही! मेर्गनच्या घरात एक बोकड आहे, तोही मेर्गनचं ऐकत नाही!" झिरमा ओरडायची, आणि गाव हसून हसून लोळायचं.

या वर्षी मेर्गनबाबाचा घसा बसला होता. निदान तो तसं सांगत होता.

दुसऱ्या दिवशी सकाळी इल्थाम स्वतःच झिरमाच्या अंगणात आला. पांढरी दाढी विंचरलेली, अंगावर निळी शाल, आवाज असा की ऐकणाऱ्याला आपलं काही चुकलंय असं वाटावं. मागे शिपाई होते. अंगणातल्या उन्हात त्या तिघांच्या लांब काळ्या सावल्या पडल्या होत्या. झिरमाने त्या पाहिल्या आणि झाडणं चालू ठेवलं. इल्थामच्या सावलीवरूनही तिने झाडू फिरवला.

"मावशी, जरा बोलायचं होतं."

"मला तुझ्यासारखा भाचा नाही."

इल्थाम हसला. "एकच वाक्य आहे. येलूचं पाणी समरातच्या तळ्यांचं. खाली लाखो माणसं तहानलेली आहेत, मावशी. तुम्ही वर किती, मूठभर."

"खाली तळी आहेत ती कोणाची?"

"थोर छत्राची, आमच्या राजाची."

"मग तहानलेली माणसं तळ्याजवळ जातात की छत्राजवळ?"

त्याने ते ऐकलं नाही असं दाखवलं. "तुम्हाला काही करायचंच नाही. नुसतं बसायचं. तुमच्यासाठी डोंगराखाली नवी घरं बांधू, धान्याचं कोठार देऊ. आणि तुम्हा लोकांना उन्हाचा त्रास होतो हे छत्राला माहीत आहे. घरटी एक कापडी मांडव मिळेल."

झिरमाचा झाडू थांबला.

"आमच्या सावल्या घेऊन गेलात, आणि आता मांडव देता?"

"ती फार जुनी गोष्ट झाली."

"मी पाहिलीय ती. डोळ्यांनी."

लग्नाआधी ती बापाबरोबर लोकर विकायला समरातला गेली होती. खाली भट्टीसारखं ऊन होतं, आणि महालाच्या चौकात मात्र, वर छप्पर नसताना, गारवा. फरशीवर दाट काळोख पसरला होता आणि महालातली माणसं त्यात पाय सोडून सरबत पीत बसली होती. झिरमा त्या काळोखाच्या कडेला उभी राहिली. त्यातलं काहीतरी हललं आणि तिच्या अनवाणी पावलांना येऊन चिकटलं, आंधळ्या मांजरीसारखं. त्या सावलीला दोन वेण्या होत्या. आत्या तिला घालून द्यायची तशाच वेण्या. बापाने तिचा दंड धरून तिला ओढत बाहेर नेलं होतं.

हे तिने इल्थामला सांगितलं नाही. ती एवढंच म्हणाली, "अंगणातून बाजूला हो. कचरा तुझ्या पायांवर येतोय."

"तुमच्या घरचा वाडगा सुलटा आहे ना, मावशी?" इल्थाम हळूच म्हणाला. "पेज चांगली होती."

संध्याकाळी मेर्गनबाबाच्या ओट्यावर गाव जमलं. झिरमा उभी राहूनच बोलली. "बाबा, घसा खरंच बसलाय का?"

"बसलाय," मेर्गनबाबा खणखणीत आवाजात म्हणाला, आणि मग आठवण झाल्यासारखा खोकला.

"आपण सगळ्यांनी खाऊ घातलंय त्याला," कोणीतरी म्हणालं. "आता काय करणार?"

"वाडगे पालथे घाला."

ओट्यावरच्या माणसांनी अशा माना फिरवल्या, जणू तिने अंगावरचं लुगडं फेडलं होतं.

"झिरमा, असं बोलू नये," मेर्गनबाबाची सून उम्री म्हणाली. उम्री तिची लहानपणची मैत्रीण. दोघी एकाच डोंगरावर सरपण तोडत मोठ्या झालेल्या. "पाहुणा आहे तो. या वर्षी जाऊ दे. पुढच्या वर्षी टोकू."

"पुढच्या वर्षी कुठे उभी राहून टोकशील? कोरड्या दगडांवर?"

"तू वाडगा पालथा घातलास तर तुझ्या चुलीचा विस्तव मी नेऊ शकणार नाही," उम्री म्हणाली. तिचे डोळे भरले होते. "समजून घे गं."

"समजलं," झिरमा म्हणाली. "तुम्ही सगळे फार समजूतदार आहात. आपले पणजोबाही समजूतदार होते. बघ की खाली, किती समजूतदार होते ते."

सगळ्यांनी खाली पाहिलं. मावळतं ऊन ओट्यावर आडवं आलं होतं. खांबाची सावली होती, मडक्याची होती, बाजूला बसलेल्या कुत्र्याची होती.

वाचनाच्या दिवशी सकाळी ओदानने बायकोला शाल पांघरताना पाहिलं. शालीखाली काहीतरी गोल फुगलं होतं.

"पेज कोण खाईल मग आपल्याकडची?" त्याने विचारलं.

"तुम्ही."

"मी एकटा?"

"तुम्हाला भूक कमी लागते का?" ती म्हणाली आणि निघाली. तो मागून आला. रोजच्यासारखा चार पावलं मागे.

नदीच्या मुखाशी बर्फाची भिंत अजून उभी होती, निळसर, मधून तडा गेलेली. गाव खडकांवर बसलं होतं. इल्थामने पोथी मांडीवर घेतली. पानं उघडताच ओल्या माशाचा जुनाट वास पसरला आणि उन्हात अक्षरं हलली, पाण्यातल्या शेवाळासारखी. झिरमा समोर आपल्या आसनावर बसली, मडकं मांडीवर घेऊन. शिपाई तिच्या दोन्ही बाजूंना उभे राहिले.

इल्थाम फार सुंदर वाचत होता. मेर्गनबाबा अडखळायचा, शिंकायचा, पान उलटताना बोट चाटायचा. इल्थामचा आवाज बर्फावरून घसरत येत होता आणि माणसांच्या माना आपोआप डुलत होत्या. येलूचा जन्म त्याने वाचला, पहिल्या माणसांचं डोंगरावर येणं वाचलं. मग ते जुनं पान आलं. मेर्गनबाबा इथे नेहमी तोंडातल्या तोंडात पुटपुटायचा आणि सगळे आपापल्या पायांकडे बघायचे. पुढचं ऐकू यायला लागलं की मगच माना वर व्हायच्या. इल्थामला यात लाजण्यासारखं काही वाटलं नाही. त्याने ते पूर्ण आवाजात, थाटात वाचलं.

"हुरमाडच्या माणसांच्या सावल्या समरातच्या महालाच्या."

झिरमाने ते शब्द जन्मात पहिल्यांदा स्पष्ट ऐकले.

शेवटचं कोरं पान आलं. इल्थामने बाहीतून रेशमी कापडाचा तुकडा काढला आणि गावाकडे बघून, अगदी मायेने वाचलं, "येलूचं पाणी समरातच्या तळ्यांचं."

कोणी हललं नाही. कोऱ्या कातड्यावर शाईचा घाम फुटू लागला. पहिलं अक्षर उमटलं.

झिरमाने शालीखालून वाडगा काढला, डोक्याच्या वर धरला, सगळ्यांना दिसेल असा, आणि खडकावर पालथा आपटला. टण्ण असा आवाज झाला. बर्फाने तो परत पाठवला.

"नाही!" ती ओरडली. पलीकडच्या डोंगरावरच्या बकऱ्यांनी माना वर केल्या. "येलू कोणाच्या बापाची नाही!"

आणि मूठभर राख राजवाचकाच्या विंचरलेल्या दाढीवर जाऊन बसली.

पानावरचं अक्षर विरघळून गेलं. इल्थामने तोंड पुसलं. तो चिडला नाही. त्याने तेच वाक्य पुन्हा वाचलं.

"नाही!"

त्याने पुन्हा वाचलं. तो महालात आवाजाची कसरत करत मोठा झालेला माणूस होता, आणि झिरमा म्हातारी होत चालली होती. तो वाचत राहिला, ती नाही म्हणत राहिली, आणि ऊन चढत गेलं. तिचा आवाज आधी फाटला, मग चिरकला. मग इल्थामने शिपायाकडे नुसतं पाहिलं आणि एका रुंद पंज्याने तिचं तोंड दाबलं. मडकं घरंगळून फुटलं.

"येलूचं पाणी," इल्थामने सुरुवात केली, शांतपणे.

"नाही."

आवाज लहान होता, घाबरलेला होता. गाव इकडेतिकडे बघू लागलं. ओदान उभा राहिला होता.

"तुम्ही माझे यजमान आहात," इल्थाम म्हणाला. "मी तुमच्या हातची पेज प्यायलो."

"प्यायलात. पण... पण वाडगा माझ्याही घरचा आहे ना," ओदान म्हणाला. त्याने पालथ्या वाडग्याकडे बोट दाखवलं. "तो पालथा झालाय. मी काय करू? म्हणजे, नाही. येलू नाही मिळणार. आणि माझ्या बायकोच्या तोंडावरचा हात काढा आधी."

पानावरची शाई थबकली. दुसरा शिपाई ओदानकडे वळला. ओदान मागे सरला, ठेचकाळून बसला, आणि बसल्या बसल्या ओरडू लागला, "नाही! नाही! नाही!" डोळे मिटून, लहान पोर अंधारात ओरडतं तसा.

तेवढ्यात खाली गावाच्या वरच्या आळीतून टण्ण असा आवाज आला.

उम्री कधी उठून गेली ते कोणी पाहिलं नव्हतं. ती आपल्या दारात उभी होती आणि तिच्या उंबऱ्यावर मेर्गनच्या घरचा मोठा वाडगा पालथा पडला होता. "नाही गं!" ती तिथूनच ओरडली. मग खडकांवरून माणसं उठली, पळाली. थोड्या वेळाने आळीआळीतून तांबं दगडावर आपटू लागलं. सगळ्यांनी आपटलं असं नाही. दोन-तीन घरं कडी लावून आत बसली ती बसलीच. पण जी माणसं परत आली ती राखेने भरलेल्या मुठी घेऊन आली. मेर्गनबाबाचा घसाही अचानक सुटला होता आणि तो सर्वांत पुढे होता. शिपायाने झिरमाच्या तोंडावरचा हात काढला आणि भाल्यावर ठेवला. पण चहूबाजूंनी म्हाताऱ्या बायका आल्यावर भाला कोणावर रोखायचा हे त्याला ठरवता आलं नाही.

इल्थाम उठला. त्याने पोथी मिटायला घेतली.

"थांब," झिरमा म्हणाली. तिच्या घशातून आवाजाऐवजी खरखर येत होती. "मागचं पान काढ."

"कुठलं पान?"

"सावल्यांचं."

"ते ठरून गेलंय. पिढ्या झाल्या. तेव्हा कोणी नाही म्हणालं नाही."

"तेव्हा मी नव्हते. आणि मेर्गनबाबाने ते आमच्यापुढे कधी वाचलंच नाही, नुसतं गिळलं. आज तू वाचलंस. मोठ्याने, मुखाशी, पोथी हातात धरून, टोकणारीसमोर." ती जवळ आली आणि तिने स्वतःच पान उलटलं. शाई तिच्या बोटांना गार लागली. "उशीर झाला असेल. तरी नाही."

गावाने एकदम श्वास घेतला.

"नाही!" या वेळी तो एकटा आवाज नव्हता. बर्फाची भिंत तड्यातून दुभंगली आणि येलू गढूळ, बर्फगार, ओरडत बाहेर पडली. इल्थामची निळी शाल गुडघ्यापर्यंत भिजली. पानावरची ती जुनी ओळ वितळली आणि माशाच्या कातड्यावरून ओघळून पाण्यात गेली.

इल्थाम पोथी तिथेच टाकून खडकावर चढला. "छत्र सैन्य पाठवील," तो म्हणाला. त्याच्या दाढीतून राख आणि पाणी गळत होतं. "तुम्हाला कळत नाही तुम्ही काय केलंत."

"पाठवू दे," झिरमा म्हणाली. "आधीच सांगून ठेव. इथे कोणाला पेज मिळणार नाही."

दुपार कलली तेव्हा इल्थाम आणि शिपाई खालच्या वळणावर पोहोचले होते. गाव वरून बघत होतं. खालच्या खोऱ्यातून एक काळा लोंढा चढत येत होता. आधी वाटलं, मेंढ्यांचा कळप आहे. मग दिसलं की त्याला उंचीच नाही. तो जमिनीलगत, दगडांवरून घडी पडत, वाकत, घाईघाईने येत होता. खेचर बुजलं. इल्थाम वाटेच्या कडेला सरला आणि लोंढ्याने त्याच्याकडे वळूनही न बघता वाट काढली.

सावल्या गावात शिरल्या आणि माणसं शोधू लागल्या. काही सावल्यांची माणसं केव्हाच मेली होती. त्या त्यांच्या नातवंडांच्या टाचांशी जाऊन बसल्या. पोरं किंचाळत पळाली, सावल्या मागे पळाल्या. मेर्गनबाबा एका जागी उभा राहून हात वरखाली करत होता आणि रडत होता.

झिरमाच्या पायांशी जी आली तिला दोन वेण्या होत्या. झिरमाचे केस पांढरे होते आणि मागे गाठ मारलेले होते. सावलीने ते मानलं नाही. ती वेण्यांसकट चिकटली, आणि उजवा हात कमरेवर ठेवून उभी राहिली. झिरमाचा हात मात्र कमरेवर नव्हता. तिने तो ठेवला.

ओदान रोजच्या सवयीने चार पावलं मागे होता. समोर तिची लांब सावली पडलेली पाहून तो थबकला आणि तिच्यावर पाय पडू नये म्हणून वळसा घालून तिच्या बाजूला आला.

"वाडगा आणू का वर?" त्याने विचारलं. "विसळायला?"

"राहू दे तिथेच."

तो वाडगा अजून मुखाशी खडकावर पालथा आहे. त्याच्यावर हिरवं चढलंय. जी दोन-तीन घरं त्या दिवशी कडी लावून बसली, ती आजही झिरमाच्या चुलीचा विस्तव नेत नाहीत. ती त्यांच्याकडे मागायला जात नाही. समरातचं सैन्य पुढच्या उन्हाळ्यात खरंच आलं, खालच्या खोऱ्यापर्यंत. येताना ते उन्हाने करपलं होतं. समरातच्या महालातही आता कोणाला सावली पुरत नव्हती. शिवेवर झिरमा नवं मडकं मांडीवर घेऊन बसली होती, आणि तिच्या मागे खडकांवर सगळं गाव, सावल्यांसकट.